पडद्यावर आपण आलो, कॅमेऱ्यामागे कधी?

कबनूर हे हातकणंगले तालुक्यातले गाव. इचलकरंजीला ते इतके लागून आहे की गाव कुठे संपले आणि शहर कुठे सुरू झाले, हे नवख्या माणसाला सांगता येत नाही. इथे दिवस उजाडतो तो मागाच्या खडखडाटात आणि मावळतो तोही त्याच आवाजात. मागवाला, कांडीवाली, जॉबर, वहिफणीवाला, घडीवाला, सायझिंगमधला कामगार ही इथल्या घराघरांची ओळख. अशा घरातला एखादा पोरगा उद्या म्हणाला, ‘मला सिनेमाचा कॅमेरामन व्हायचे आहे’, तर त्याचा बाप काय विचारील? तो एकच प्रश्न विचारील, ‘त्यात पोट भरते काय रे?’

या बापाला आम्ही हसणार नाही. बारा तासांची पाळी करून मीटरवर मजुरी मोजून घेणाऱ्या माणसाला हा प्रश्न विचारण्याचा पूर्ण अधिकार आहे. उलट आम्हास असे वाटते की कलेच्या गप्पा मारणाऱ्या मंडळींनी जो प्रश्न कायम टाळला, तो कबनूरच्या या बापाने नेमका पकडला आहे. आजचा लेख त्याच प्रश्नावर आहे. आणि प्रश्न साध्या सिनेमाचा नाही, तर ज्याला ‘स्वतंत्र सिनेमा’ म्हणतात त्याचा आहे. कारण आपल्या समाजाचे जे काही खरे चित्र गेल्या काही वर्षांत पडद्यावर आले, ते बहुतांशी याच वाटेने आले.

कॅमेरामनचे काम काय?

पुष्कळांचा समज असा की कॅमेरामन म्हणजे बटण दाबणारा माणूस. ते तसे नाही. सिनेमाच्या श्रेयनामावलीत ज्याला ‘छायालेखन’ किंवा ‘छायाचित्रण’ म्हणतात, ते काम करणारा माणूस दिग्दर्शकाच्या खालोखाल सिनेमाचा धनी असतो. कॅमेरा माणसाच्या डोळ्यांच्या उंचीवर ठेवायचा की खाली, जवळ जायचे की लांब उभे राहायचे, उजेड खिडकीतून येऊ द्यायचा की दिवे लावायचे, कुणाच्या चेहऱ्यावर प्रकाश पाडायचा आणि कुणाला अंधारात ठेवायचे, हे तो ठरवतो. झोपडीकडे वरून पाहिले की ती कीव करण्याची वस्तू होते. तिच्या उंबऱ्यावर बसून पाहिले की ते एक घर होते. झोपडी तीच असते, पाहणाऱ्याची जागा बदलते. बाबासाहेबांच्या अनुयायांना हे वेगळे समजावून सांगायची गरज नाही. गाव पाटलाच्या वाड्यातून कसा दिसतो आणि गावकुसाबाहेरून कसा दिसतो, यातला फरक आपल्या आज्या-पणज्यांनी सोसलेला आहे.

हे काम शिकण्याची एक उतरंडही आहे. आधी कॅमेरा अटेंडंट, मग सहायक, मग फोकस सांभाळणारा, मग कॅमेरा चालवणारा आणि शेवटी छायालेखक. ही शिडी चढायला वर्षे जातात. त्या वर्षांत हातात पडणारा पैसा थोडा आणि तोही बेभरवशाचा.

पाच आठवडे आणि तीन चित्रपट

हा धंदा कसा चालतो हे समजून घ्यायचे तर २०१५ सालच्या जून-जुलै महिन्यांकडे पाहावे. २६ जून रोजी ‘किल्ला’ हा मराठी चित्रपट महाराष्ट्रात प्रदर्शित झाला. २४ जुलैला ‘मसान’ आला. त्यानंतर आठवड्याभरातच, ३१ जुलैला, अजय देवगणचा ‘दृश्यम’ आला. तिन्ही चित्रपटांचा कॅमेरा एकाच माणसाचा. त्याचे नाव अविनाश अरुण. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेला हा मराठी छायालेखक. ‘किल्ला’चा तर दिग्दर्शकही तोच.

‘किल्ला’ ही वडील गेलेल्या एका अकरा वर्षांच्या पोराची गोष्ट. आईची बदली कोकणात होते आणि पोरगा नव्या गावात, नव्या शाळेत येऊन पडतो. पाऊस, समुद्र, किल्ला आणि त्या पोराचे एकटेपण, एवढीच गोष्ट. नाच नाही, मारामारी नाही. या चित्रपटाला २०१४ साली बर्लिनच्या महोत्सवात बालप्रेक्षकांच्या ज्युरीने ‘क्रिस्टल बेअर’ पुरस्कार दिला, आणि आपल्याकडे सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही त्याला मिळाला.

‘मसान’ आपल्या अधिक जवळचा. बनारसच्या घाटावर पिढ्यानपिढ्या प्रेते जाळणाऱ्या डोम समाजातला दीपक हा तरुण सिव्हिल इंजिनिअरिंगचा अभ्यास करतो आणि त्या घाटावरून बाहेर पडू पाहतो. दिग्दर्शक नीरज घायवान. आपण दलित आहोत हे हिंदी सिनेमात उघडपणे सांगणारा हा माणूस. कान महोत्सवात २०१५ साली या चित्रपटाला दोन पुरस्कार मिळाले. चितांच्या धगीत काम करणारी माणसे दाखवताना अविनाश अरुणचा कॅमेरा त्यांची कीव करीत नाही आणि त्यांना भयानकही करीत नाही. कामावरची माणसे जशी दिसतात तशी ती दिसतात. आमच्या मते ‘मसान’चे अर्धे मोल त्यात आहे.

आणि तिसरा ‘दृश्यम’. मोठा नट, मोठे बॅनर, भरलेली थिएटरे. पुढेही या छायालेखकाची वाट अशीच दोन रुळांवरून गेलेली दिसते. एकीकडे ‘मदारी’, ‘हिचकी’सारखे मोठ्या नावांचे चित्रपट, ‘पाताल लोक’सारखी गाजलेली मालिका, आणि दुसरीकडे ‘थ्री ऑफ अस’सारखा शांत, कोकणात घडणारा चित्रपट. त्याचे दिग्दर्शन आणि कॅमेरा दोन्ही त्याचेच. त्याच्या छायाचित्रणाला २०२४ साली फिल्मफेअर पुरस्कार मिळाला.

वाचकहो, या पाच आठवड्यांत कबनूरच्या बापाच्या प्रश्नाचे उत्तर आहे. पोट भरते, पण स्वतंत्र सिनेमावर भरत नाही. ते भरते बाजारी सिनेमावर, मालिकांवर, जाहिरातींवर, कंपन्यांच्या माहितीपटांवर. स्वतंत्र सिनेमा नाव देतो, मान देतो आणि मनाचे समाधान देतो. घरभाडे दुसरीकडून येते. जो माणूस दोन्हीकडे पाय ठेवू शकतो तो टिकतो.

थांबण्याची ऐपत

आता मुद्दा असा की दोन्हीकडे पाय ठेवण्याआधी एक काळ असतो. त्या काळात कुठेच पाय टेकलेला नसतो. शिक्षण संपलेले असते, मोठे काम मिळालेले नसते, मुंबईत खोलीचे भाडे चालू असते. एखादा तरुण दिग्दर्शक सांगतो, ‘गोष्ट चांगली आहे, पैसे आत्ता नाहीत, सिनेमा विकला गेला की देईन.’ सिनेमा विकला जाईलच याची खात्री कोण देणार? पण चांगले काम करण्याची संधी अशाच वेळी येते. ती घ्यायची तर सहा महिने, वर्षभर बिनपगारी किंवा अर्ध्या पगारावर थांबावे लागते.

हे थांबणे कुणाला परवडते? ज्याचा बाप पेन्शनीत आहे, ज्याचे पुण्या-मुंबईत स्वतःचे घर आहे, ज्याच्या पाठीवर बहिणीच्या लग्नाचे कर्ज नाही, त्याला. म्हणजे सिनेमा ‘स्वतंत्र’ असतो तो बाजारापासून. घरच्या सुबत्तेपासून तो स्वतंत्र नसतो. उलट तो तिच्यावरच उभा असतो. थांबण्याची ऐपत ही या धंद्यातली खरी इस्टेट आहे. लेन्स भाड्याने मिळते, कॅमेरा भाड्याने मिळतो, ही ऐपत मात्र भाड्याने मिळत नाही. ती पिढीजात असते. आणि आपल्या देशात पिढीजात काय काय असते आणि कुणाकडे असते, हे आम्ही नव्याने सांगायला नको.

कुणाची जात शोधण्याचा उद्योग आम्हाला करायचा नाही. ज्यांनी मेहनतीने नाव कमावले त्यांचे नाव त्यांचेच आहे. आमचा प्रश्न दारात उभ्या असलेल्या पोरांचा आहे. गुणवत्ता तर सगळ्याच वस्त्यांत जन्माला येते. मग थांबण्याची ऐपत नसल्यामुळे किती पोरे दारातूनच परत फिरली असतील?

कोल्हापूरचा कॅमेरा आणि माणगावची परिषद

कोल्हापूरकरांना सिनेमाचा कॅमेरा ही परकी वस्तू नाही. बाबूराव पेंटर हे मिस्त्री घराण्यातले, हातात कला असलेले कारागीर. त्यांनी १९१८ साली कोल्हापुरात स्वतःच्या हाताने सिनेमाचा कॅमेरा तयार केला. छत्रपती शाहू महाराजांचा आधार त्यांना होता. या कॅमेऱ्यावर घेतलेला ‘सैरंध्री’ हा मूकपट ७ फेब्रुवारी १९२० रोजी पुण्यात प्रदर्शित झाला. पुढे १९२५ साली याच बाबूरावांनी ‘सावकारी पाश’ काढला. सावकाराने जमीन गिळलेला शेतकरी शेवटी शहरात मजूर होतो, ही त्याची गोष्ट. देवादिकांचे चित्रपट काढण्याच्या त्या काळात कर्जबाजारी कुणब्याकडे कॅमेरा वळवणारा हा माणूस विद्यापीठातून आलेला नव्हता, कारखान्यातून आलेला होता. हे ध्यानात ठेवले पाहिजे.

आता दुसरी एक तारीख पाहा. ‘सैरंध्री’ पुण्यात लागल्यानंतर जेमतेम दीड महिन्याने, २१ आणि २२ मार्च १९२० रोजी माणगावला परिषद भरली. माणगाव म्हणजे कबनूरच्याच हातकणंगले तालुक्यातले. अध्यक्षस्थानी तरुण बाबासाहेब आणि व्यासपीठावर शाहू महाराज. ‘तुम्हाला तुमचा पुढारी मिळाला आहे’ अशा अर्थाचे उद्गार महाराजांनी काढले ते याच परिषदेत. कोल्हापूर तिथून काही कोसांवर. कोल्हापुरात कॅमेरा होता, तो चालवणारे हात होते, महाराजांचा आश्रय होता. पण त्या दोन दिवसांचे हलते चित्र आज आपल्या कुणाच्या पाहण्यात नाही.

यात बाबूराव पेंटरांचा दोष आहे असे आम्ही म्हणत नाही. फिल्म महाग होती आणि तिचे पैसे पौराणिक कथेतून परत येत होते. अस्पृश्यांच्या परिषदेवर फिल्म चालवायची तर तिचे पैसे कोण देणार? कॅमेरा जवळ असून चालत नाही. तो आपल्या बाजूला वळवण्याची गरज वाटणारा माणूस त्याच्या मागे असावा लागतो आणि त्याच्या खिशात रिळाचे पैसे असावे लागतात. या दोन्ही गोष्टी माणगावला नव्हत्या, म्हणून आपल्या इतिहासातले ते दोन दिवस फक्त कागदावर राहिले.

गहाण टाकलेला छापखाना

असा माणूस आपल्याला मिळाला तो छत्तीस वर्षांनी. ६ डिसेंबर १९५६ रोजी दिल्लीत बाबासाहेबांचे महापरिनिर्वाण झाले. दुसऱ्या दिवशी मुंबईत राजगृहापासून दादरच्या चौपाटीपर्यंत लाखोंचा जनसागर लोटला. त्या दिवशी कॅमेरा घेऊन चित्रीकरण घडवून आणले ते नामदेव व्हटकर यांनी. व्हटकर म्हणजे ‘कथा माझ्या जन्माची’ हे आत्मकथन लिहिणारे लेखक आणि मराठी सिनेमात धडपडणारे दिग्दर्शक. पदरी पैसा नव्हता. स्वतःचा छापखाना गहाण टाकून त्यांनी पैसे उभे केले आणि सुमारे तीन हजार फूट फिल्म खर्ची घातली, असे सांगितले जाते.

तीन हजार फूट म्हणजे किती? पस्तीस मिलिमीटरची फिल्म मिनिटाला नव्वद फूट पळते. म्हणजे जेमतेम तेहेतीस मिनिटे. त्या तेहेतीस मिनिटांसाठी एका माणसाने आपले पोटाचे साधन गहाण टाकले. दर ६ डिसेंबरला चैत्यभूमीवर, टीव्हीवर आणि आता मोबाईलवर आपण अंत्ययात्रेची जी हलती दृश्ये पाहतो, ती प्रामुख्याने या धडपडीतून आलेली आहेत. कुठल्या स्टुडिओने ही फिल्म मागितली नव्हती. कुणी विकत घेईल याची शाश्वती नव्हती. स्वतंत्र सिनेमाची व्याख्या इंग्रजी पुस्तकांत शोधणाऱ्यांनी ती या गहाणखतात शोधावी. पण आम्हाला या घटनेचा जितका अभिमान वाटतो तितकीच तिची टोचणीही आहे. एवढ्या मोठ्या समाजाच्या इतिहासाचा भार एका माणसाच्या छापखान्यावर का पडावा?

हीच गोष्ट पुढेही दिसते. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले. त्यानंतर चारच दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी आपले जीवन संपवले. आनंद पटवर्धन यांनी तेव्हा सुरू केलेले चित्रीकरण चौदा वर्षे चालले आणि त्यातून ‘जयभीम कॉम्रेड’ हा तीन तासांहून अधिक लांबीचा माहितीपट झाला. गुंडेवार आयोगाने गोळीबार असमर्थनीय ठरवला. पण रमाबाई नगरातल्या माणसांचे चेहरे, त्यांची गाणी, त्यांचा संताप आयोगाच्या अहवालात सापडत नाही. तो या माहितीपटात आहे. पटवर्धन हे दिग्दर्शकही आणि कॅमेराही त्यांच्याच हातात. चौदा वर्षे एका विषयाला चिकटून राहणे ही थांबण्याच्या ऐपतीचीच गोष्ट आहे. त्यांनी ती आपल्या बाजूने वापरली, याबद्दल समाज त्यांचा ऋणी आहे.

यंत्रालाही रंग कळतो

कुणी म्हणेल, कॅमेरा हे यंत्र आहे, त्याला जात-रंग काय कळतो? त्यांनी ‘शर्ली कार्ड’ची हकीकत ऐकावी. कोडॅक कंपनीची रंगीत फिल्म प्रयोगशाळेत छापताना रंग बरोबर आला की नाही हे तपासण्यासाठी विसाव्या शतकाच्या मध्यापासून एका गोऱ्या स्त्रीचा फोटो नमुना म्हणून वापरला जाई. तिचे नाव शर्ली, म्हणून ते शर्ली कार्ड. गोरी कातडी नीट दिसली की छपाई बरोबर! काळी माणसे त्या फिल्मवर नुसत्या सावल्या होऊन जात. काळ्यांच्या तक्रारींना भाव मिळाला नाही. चॉकलेट आणि लाकडी सामानाच्या जाहिरातदारांनी ‘आमच्या मालाचा तपकिरी रंग नीट येत नाही’ अशी तक्रार केली, तेव्हा कंपनीने हालचाल केली. माणसाच्या चेहऱ्यापेक्षा टेबलाची किंमत जास्त ठरली ती अशी.

आपल्याकडे या रोगाचा देशी अवतार आहे. गोऱ्या नटाला काळे फासायचे आणि त्याला गरीब म्हणून उभे करायचे. ‘फँड्री’ने हे मोडले. नागराज मंजुळे यांच्या या चित्रपटाचा कॅमेरा विक्रम अमलाडी यांचा. सावळा जब्या पडद्यावर सावळाच राहतो आणि सुंदर दिसतो. डुक्कर खांद्यावर टांगून नेणारे ते कुटुंब शाळेच्या भिंतीपुढून जाते आणि भिंतीवर बाबासाहेब, सावित्रीबाई, शाहू महाराज, गाडगेबाबा यांची चित्रे असतात. त्या दृश्यात एक शब्द नाही. जे सांगायचे ते कॅमेरा कुठे उभा आहे, त्यातूनच सांगितले जाते. शेवटी जब्याने भिरकावलेला दगड सरळ कॅमेऱ्याच्या दिशेने येतो, म्हणजे थिएटरात बसलेल्या आपल्यावर येतो.

चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’मध्ये मृणाल देसाई यांचा कॅमेरा याच्या उलट वागतो. तो लांब बसतो आणि हलत नाही. शाहीर नारायण कांबळेवरचा खटला आपण जणू न्यायालयातल्या मागच्या बाकावर बसून पाहतो. शाहिराची भूमिका नागपूरचे कार्यकर्ते वीरा साथीदार यांनी केली. २०२१ साली कोरोनाने त्यांना नेले. एका सिनेमात कॅमेरा दगड झेलतो, दुसऱ्यात तो साक्षीदारासारखा बसतो. दोन्ही निर्णय छायालेखनाचे आहेत आणि दोन्ही आपल्या प्रश्नांवरचे आहेत.

म्हणजे पडद्यावर आपण आलो. आपली वस्ती आली, आपला शाहीर आला, आपल्या भिंतीवरची चित्रे आली. आता प्रश्न राहिला तो पडद्यामागच्या हातांचा.

कबनूरकडे कॅमेरे नाहीत काय?

आहेत. कबनूर-इचलकरंजी पट्ट्यात लग्नाचे, बारशाचे, १४ एप्रिलच्या मिरवणुकीचे शूटिंग करणारी कितीतरी पोरे आहेत. कुणी दिवसा मागावर आणि रात्री लग्नात. कॅमेरा हप्त्यावर घेतलेला, ड्रोन भाड्याचा. लग्नसराईत झोप नाही आणि पावसाळ्यात काम नाही. या पोरांना उजेड कळतो. हळदीच्या मांडवात पिवळा बल्ब आणि पांढरी ट्यूब एकत्र आली की चेहरे कसे बिघडतात हे त्यांना कुठल्या पुस्तकाने शिकवलेले नाही. मागाच्या शेडमध्ये कापसाची तूस हवेत तरंगत असते आणि पत्र्याच्या फटीतून ऊन आले की ती कशी चमकते, हे कबनूरच्या पोराला जन्मापासून ठाऊक आहे. मोठे छायालेखक असा उजेड दिवे लावून निर्माण करू पाहतात. तेव्हा नजर आहे आणि हातही आहे. अडचण पुढच्या पायरीची आहे.

पुढची पायरी म्हणजे पुण्याची फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट. गंमत पाहा, १९६० साली ही संस्था सुरू झाली ती प्रभात स्टुडिओच्या जागेत, आणि प्रभात कंपनी जन्माला आली ती १९२९ साली कोल्हापुरात. १९३३ साली ती पुण्यास गेली. म्हणजे ज्या आवारात आज देशभरातली पोरे कॅमेरा शिकतात, त्याची मुळे कोल्हापूरच्या मातीत आहेत. ही सरकारी संस्था आहे आणि तिथे राखीव जागा आहेत. कुठल्याही शाखेची पदवी असलेल्यास छायालेखनाच्या प्रवेशपरीक्षेला बसता येते. पण ही माहिती आपल्या वस्तीत कितीजणांना आहे? एमपीएससी, पोलीस भरती, बँक भरती यांच्या जाहिराती चौकाचौकात लागतात. फिल्म इन्स्टिट्यूटच्या प्रवेशाची जाहिरात कबनूरच्या चौकात कुणी वाचली आहे काय?

मुलींची गोष्ट तर त्याहून अवघड. कॅमेरा जड असतो, रात्रपाळी असते, म्हणून हे पुरुषांचे काम, असे सांगितले जाते. बी. आर. विजयालक्ष्मी यांनी १९८० च्या दशकातच तमिळ सिनेमात छायालेखक म्हणून काम करून हे खोटे पाडले. आणि वजनाचे म्हणाल, तर वर्षानुवर्षे उभ्याने कांडी मशीन चालवणाऱ्या बाईला वजनाची भीती कुणी घालू नये.

आता करायचे काय?

नुसती खंत व्यक्त करून लेख संपवणे आम्हाला मान्य नाही. काही गोष्टी उद्यापासून करता येतील.

पहिली गोष्ट, आपल्या घरातली. जयंतीच्या मिरवणुकीत डीजेच्या भिंतीवर जो पैसा एका रात्रीत उडतो, त्याचा काही भाग दरवर्षी बाजूला काढावा. त्यातून वस्तीतल्या एका होतकरू पोराला किंवा पोरीला, शिक्षण संपल्यानंतरचे पहिले वर्ष काढता येईल इतकी मदत द्यावी. नुसती फी भरून भागत नाही. थांबण्याची ऐपत जिथे पिढीजात नाही, तिथे ती वर्गणीतून उभी करावी लागेल. व्हटकरांनी जे एकट्याने केले ते आपण शंभर घरांनी मिळून करावे, म्हणजे कुणाचा छापखाना गहाण पडणार नाही.

दुसरी गोष्ट, शासनाकडे मागायची. पुण्याची ‘बार्टी’ ही संस्था अनुसूचित जातींच्या विद्यार्थ्यांसाठी स्पर्धा परीक्षांचे प्रशिक्षण देते. फिल्म इन्स्टिट्यूटच्या प्रवेशपरीक्षेचेही प्रशिक्षण तिने द्यावे, अशी मागणी आपल्या संघटनांनी लावून धरावी. कोल्हापूरला मोरेवाडीत चित्रनगरी आहे. तिथे चित्रीकरणाला येणाऱ्या कंपन्यांनी कॅमेरा विभागात स्थानिक उमेदवार पगारी शिकाऊ म्हणून घेतले पाहिजेत. हमालीला आणि गर्दीला स्थानिक आणि कॅमेऱ्याला मुंबईचे, ही वाटणी आता बंद व्हावी.

तिसरी गोष्ट, जपणुकीची. बाबूराव पेंटरांच्या काळातले बहुतेक मूकपट काळाने गिळले. आपल्या मिरवणुका, परिषदा, धम्मसभा, मोर्चे यांची चित्रणे आज हार्ड डिस्कवर पडलेली आहेत आणि जागा हवी म्हणून दर लग्नसराईत पुसली जात आहेत. वस्तीतल्या विहारात किंवा वाचनालयात दोन डिस्क ठेवाव्यात. दरवर्षीचे चित्रण तारीख, ठिकाण आणि चित्रीकरण करणाऱ्याचे नाव लिहून दोन्हींवर साठवावे. ज्याने शूटिंग केले त्याला मोबदला द्यावा आणि त्याचे नाव पत्रिकेत छापावे. ‘आपलाच पोरगा आहे, फुकट करील’ ही सवय सोडली पाहिजे. ज्या कामाचे आपणच पैसे देत नाही, त्या कामाला आपली पोरे करिअर कशी मानणार?

चौथी गोष्ट बापासाठी. पोरगा कॅमेरामन व्हायचे म्हणाला तर त्याला एकदम नाही म्हणू नका. आधी पदवी पूर्ण कर, गावातल्या शूटिंगवर हात बसव, प्रवेशपरीक्षा दे, आणि पोटासाठी बाजारी काम करायला लाज वाटू देऊ नको, एवढे सांगा. अविनाश अरुणच्या त्या पाच आठवड्यांतला ‘दृश्यम’ही कष्टाचाच होता. ज्याच्या घरी रोजची चूल पेटते, तोच पुढच्या ‘किल्ल्या’साठी थांबू शकतो.

माणगावला कॅमेरा आला नाही, चैत्यभूमीवर तो गहाणखतावर आला आणि रमाबाई नगरात तो दुसऱ्याच्या खांद्यावर आला. पुढचा कॅमेरा कबनूरच्या पोराच्या खांद्यावर यावा. त्याच्या पहिल्या वर्षाचा घरखर्च कोण उचलणार, एवढे या १४ एप्रिलच्या जयंती समितीच्या बैठकीत ठरू द्या.